कत्रीनाचा डावा पाय

४ मार्च, मंगळवार

उपासाचा दुसरा दिवस. ईस्टरपर्यंत मांस बंद, मासे बंद, आणि मात्तुक्कुट्टीबद्दल एकही वाईट शब्द काढायचा नाही. तिसरा संकल्प सगळ्यात कठीण, म्हणून तोच सगळ्यात पुण्याचा.

सकाळी रबराच्या शीट वाळत घालायला कुंपणापाशी गेलो असताना अंगावर फणस पडला. नेमकं लिहायचं तर डोक्याला घासून खांद्यावर पडला. झाड मात्तुक्कुट्टीचं, फांदी आमच्याकडे आलेली. चुलतभावाचा फणससुद्धा माणूस बघून पडतो. (हा वाईट शब्द नव्हे. ही नोंद आहे.)

लीलाम्मा म्हणाली, अहो, कालच सांगितलं ना, तो पिकलाय, त्याच्याखाली उभे राहू नका. सांगितलं असेल. ती दिवसभर काही ना काही सांगत असते. सगळंच ऐकत बसायचं तर माणसाने बँकेची नोकरी कधी करायची? रिटायर होऊन तीन वर्षं झाली, पण मुद्दा तोच आहे.

६ मार्च

पालाईच्या हॉस्पिटलात डोक्याचा स्कॅन. मेंदूची डॉक्टर मिनी म्हणून एक मुलगी आहे, आमच्या ट्रीसाच्या वयाची. स्कॅन उजेडात धरून म्हणाली, अंकल, आत काहीच नाहीये. शब्द जपून वापरायला हवे होते. लीलाम्मा खिडकीबाहेर बघत राहिली.

जेवल्यावर विश्रांती घ्या म्हणाली. ती मी लग्न झाल्यापासून नियमाने घेतो आहे. जेवण, व्हरांड्यातली आरामखुर्ची, डोळे बंद. लीलाम्मा शेजारच्या पायरीवर बसून छोटे कांदे सोलते आणि बोलत असते. तिच्या बोलण्याने झोप छान लागते. विषय माहीत नाही.

ट्रीसाचा आयर्लंडहून फोन. तिथे नर्स आहे. म्हणाली, अप्पा, पाणी प्या. हिला एवढं शिकवलं ते यासाठी.

९ मार्च, दुपारी पावणेचार

झोपेतून उठलो तेव्हा एक गोष्ट आठवली. ती माझ्या आयुष्यात घडलेली नाही.

चहूकडे पाणी. मधून अरुंद बांध. बांधावरून मी चाललो आहे आणि माझ्यामागे शेकडो जण. मातकट कपडे, माना ताठ, एकामागे एक. चालताना किंचित डुलतात, लांबून आल्यामुळे पाय दुखत असावेत. पुढचा पाण्यात उतरला की सगळे उतरतात, तेही आनंदाने. डोकी पाण्याखाली घालतात, वर काढतात आणि एका सुरात प्रार्थना करतात. भाषा मल्याळम नाही.

मी आयुष्यात बांधावरून चाललेलो नाही. आमच्या टेकडीवर पाणी विहिरीत असतं, तेही एप्रिलपर्यंत.

बीपी बघितलं. ठीक आहे.

११ मार्च

उलगडा झाला. स्वतःचाच अभिमान वाटला.

आमच्या आंजिलिमूट्टिल घराण्याचा छापील इतिहास आहे. पहिल्याच पानावर लिहिलंय की इसवी सन बावन्नमध्ये येशूचे शिष्य संत तोमा यांनी आमच्या मूळपुरुषाला स्वतःच्या हाताने बाप्तिस्मा दिला, आणि त्याआधी आम्ही नंबूदिरी ब्राह्मण होतो. इथल्या प्रत्येक ख्रिस्ती घराण्याच्या पुस्तकात पहिलं पान हेच असतं. फादर वर्गीस म्हणतात, एवढे नंबूदिरी एकाच वर्षी पाण्यात उतरले असतील तर नदीला पूर आला असेल. फादरांचा स्वभाव विनोदी आहे.

पण बाकी सगळ्यांचं ऐकीव. मला आठवतंय.

पाणी एवढं कसं, ही शंका मलाही आली होती. पहिल्या शतकात समुद्र पालाईपर्यंत असणार. भूगोल काय, बदलत असतो.

१२ मार्च

दुपारी उठल्यावर लीलाम्माला सगळं सांगितलं. ती कांदा सोलायची थांबली. अहो, हे तर आमच्या, असं काहीतरी म्हणायला लागली. मी हात वर केला. रुग्ण साक्ष देत असताना मध्ये बोलू नये, स्मृती गढूळ होते. तिने हातातला कांदा खाली ठेवला. मग हळूच विचारलं, बांधाच्या एका बाजूला नारळ होते का? होते. दोन वाकडे, पाण्यावर झुकलेले? होते!

ती पुन्हा कांदा सोलायला लागली. डोळ्यांत पाणी होतं. कांदा तिखट असावा.

आजाराला नाव सापडलं. व्हॉट्सॲपवर कुणीतरी पाठवलंय की परदेशात एका उंदराला त्याच्या आजोबांना बसलेला शॉक आठवला. उंदराला जमतं तर आंजिलिमूट्टिलांना का नाही? मी याला वंशस्मृती विकार म्हणतो. विकार हा शब्द नम्रतेपोटी ठेवला आहे.

१५ मार्च

आज एक नाव आठवलं. कत्रीना.

ती सगळ्यांच्या पुढे असते. ती थांबली की सगळा समुदाय थांबतो. रात्री मुक्कामाला परतताना तीच वाट दाखवते. आणि ती लंगडते.

लीलाम्माने विचारलं, कुठला पाय? डावा. मग ती एकदम उठून स्वयंपाकघरात गेली. आतून खोकल्यासारखा आवाज येत होता.

बावन्न सालातली पहिली स्त्री पुढारी आमच्या घराण्यात होती. इतिहासाने नोंद घेतली नाही. मी घेतली.

१८ मार्च

मेळावा १० मेला आहे. दरवर्षी अख्खं घराणं जमतं, प्रार्थना, भाषणं, जेवण आणि प्रेसिडेंटची निवड. गेली कित्येक वर्षं प्रेसिडेंट मात्तुक्कुट्टी. का, तर त्याची शाखा थोरली. पुरावा काय, तर त्याच्याकडे जुनी लाकडी पेटी आहे. पेटीत काय, तर काही नाही. म्हणे वाळवीने खाल्लं.

माझ्या शाखेला गेल्या वर्षी पंख्यापासून पाचवी ओळ मिळाली होती. मी बँकेचा डेप्युटी मॅनेजर होतो. माझ्या सहीशिवाय मात्तुक्कुट्टीला ट्रॅक्टर मिळाला नसता. प्रेसिडेंटच्या खुर्चीवर एकदा तरी बसावं, एवढीच इच्छा आहे. हे दुसऱ्या कुणाला सांगणार नाही.

त्याच्याकडे रिकामी पेटी आहे. माझ्याकडे भरलेलं डोकं. यंदा मी उभा राहणार.

(तिसऱ्या संकल्पाचं काय, असं मनात आलं. निवडणूक हे सार्वजनिक काम आहे. त्याला उपास लागू नाही.)

२५ मार्च

डॉक्टर मिनीला विकार समजावून सांगितला. तिने सगळं लिहून घेतलं, म्हणजे केस दुर्मीळ आहे. विचारलं, अंकल, हे आठवतं कधी? नेहमी दुपारच्या झोपेनंतर. त्या वेळी आजूबाजूला काय चालू असतं? काही नाही. पत्नी बोलत असते. काय बोलते? म्हटलं, ते कसं सांगू, मी झोपलेलो असतो.

तिने पेन खाली ठेवलं आणि लीलाम्माकडे बघितलं.  मग म्हणाली, पुढच्या वेळी आंटींनाच घेऊन या, तुम्ही नाही आलात तरी चालेल.

बरोबर आहे. असल्या रुग्णाची सेवा करणाऱ्यालाही आधार लागतो.

२ एप्रिल

स्मृती आता रोज येते. मूळपुरुष स्पष्ट दिसला. उघडं अंग, खांद्यावरून छातीवर आडवा दोरा. जानवं! मात्तुक्कुट्टी, घे. (मनात म्हटलं.)

हातात उंच काठी, टोकाला काहीतरी बांधलेलं. बिशपांच्या हातात असते तशी. काठी नुसती डावीकडे वळवली की सगळा समुदाय डावीकडे वळतो. हाऽऽ हाऽऽ असं एक स्तोत्र म्हणतो. संध्याकाळी टोपलीतून धान्य उधळतो आणि ते सगळे खाली वाकून, हातही न लावता खातात. एवढी नम्रता आता चर्चमध्येसुद्धा दिसत नाही.

लीलाम्माने विचारलं, दोरा कशाचा होता? म्हटलं, सुताचा, पवित्र. ती म्हणाली, काथ्याचा नव्हता? त्याला चाकू नव्हता अडकवलेला? आता तिच्या तोंडून ऐकल्यावर चाकू दिसायला लागला. म्हणूनच मी मध्ये बोलू देत नाही.

तरी एक लिहून ठेवतो. हल्ली दुपार झाली की ती माझी वाट बघते. जेवण लवकर आटपते. कांदे नसले तरी पायरीवर येऊन बसते. मी उठलो की विचारते, आज काय आठवलं? लग्नाला अडतीस वर्षं झाली, पण माझ्या बोलण्यात तिला एवढा रस कधी नव्हता.

१० एप्रिल

प्रचार. आधी पैली अप्पापनकडे गेलो, वडिलांचे धाकटे भाऊ, घराण्यात सगळ्यात वयस्कर. त्यांना ऐकू येत नाही. सगळं सांगून झाल्यावर म्हणाले, हो हो, फणस कापताना हाताला तेल लावावं. पाठिंबा गृहीत धरला आहे.

मग जंक्शनवर सोजनच्या दुकानात फ्लेक्स सांगितला. मध्ये कत्रीना, वर घराण्याचं नाव, खाली मी. सोजनने विचारलं, चेहरा कसा करू? स्मृतीत दिसतो तसा सांगितला. मान लांब. डोळे बारीक, दोन्ही बाजूंना. नाकाचा भाग रुंद, जरा चपटा आणि पुढे आलेला. सोजन म्हणाला, चेट्टा, म्हणजे दादा, बाईमाणूस आहे, जरा बरं करतो. अंगात पांढरा चट्टा, म्हणजे आमच्या जुन्या बायकांचा सैल झंपर, कमरेला पांढरं मुंडू, डोक्यावरून ओढणी, हातात क्रूस. सुंदर झालं आहे.

गरीब हुशार मुलींसाठी कत्रीना शिष्यवृत्तीही जाहीर करणार. पैसे प्रेसिडेंट झाल्यावर जमवू.

लीलाम्माने फ्लेक्स बघितला आणि दुकानाच्या पायरीवर बसकण मारली. हसत होती की रडत होती, सोजनलाही कळलं नाही. पाणी पाजलं. पूर्वजांच्या दर्शनाने असं होतं. ते पूर्वज तिचे नाहीत, पण ती मनाने आमच्यात मिसळली आहे.

१८ एप्रिल, गुड फ्रायडे

आजची स्मृती लिहायला नको वाटतं.

पाऊस. बांध फुटतो. मूळपुरुष कमरेएवढ्या पाण्यात उभा राहून हाऽऽ हाऽऽ ओरडतो आहे, पण काठीकडे बघायला कुणी नाही. अंधारात सगळा समुदाय वाहून जातो. सकाळी तो माणूस छपरावर बसलेला. हातात काठी. पोरंबाळं त्याला हाक मारतात आणि तो वळून बघत नाही.

हा छळाचा काळ असावा. पुस्तकात याचा उल्लेख नाही.

लीलाम्माला सांगितलं तेव्हा तिने काही विचारलं नाही. पेज गार होईपर्यंत तशीच बसून राहिली. मग म्हणाली, आणि कत्रीना? म्हटलं, ठाऊक नाही. माझी स्मृती नेमकी तिथे तुटते. म्हणाली, हो, तिथे तुम्ही घोरायला लागता. याचा अर्थ लागला नाही. आज उपास कडक आहे, तिला चक्कर आली असेल.

२० एप्रिल, रविवार, ईस्टर

उपास संपला. लीलाम्माचा भाऊ कुरियाच्चन सकाळीच कुट्टनाडहून आला. दरवर्षीप्रमाणे पिशवीतून दोन बदकं. ही सगळी पाण्यातली माणसं. घरात शिरताना अजून उंबऱ्याला पाय लावून बघतात, ओला आहे का म्हणून.

बदक शिजायला लागलं, खोबरेल आणि मिरीचा वास सुटला आणि मला भडभडून आलं. का, सांगता येत नाही. आपलं माणूस गेल्यासारखं वाटलं. चार तुकडे खाल्ले.

जेवताना कुरियाच्चनला कत्रीनाबद्दल सांगितलं. त्याचा घास हातातच राहिला. म्हणाला, अळिया (बहिणीच्या नवऱ्याला ते असंच म्हणतात), लंगडी कत्रीना? आणि लीलाम्माने टेबलाखालून त्याला काहीतरी केलं असावं, कारण तो कळवळला आणि पुढचं जेवण होईपर्यंत बोलला नाही. ती एवढंच म्हणाली, कुरियाच्चनला मेळाव्याला बोलवायचंच. म्हटलं, बोलवू. सोयऱ्यांच्या ओळी मागे असतात, पंख्यापासून लांब, पण जेवण तेच.

३ मे

भाषणाची तालीम. आरशासमोर उत्तम होतं. लीलाम्मासमोर केलं तर तिने दोन ठिकाणी सुधारणा सुचवल्या. मुक्कामाची झोपडी नदीच्या पूर्वेला होती म्हणाली, आणि पावसाच्या आधी तीन दिवस बेडूक ओरडत होते, तेही घाला. घातले. भाषणाला रंग येतो. आजार संसर्गजन्य असावा. डॉक्टर मिनीला कळवायला हवं.

मग तिने विचारलं, हे सगळं सगळ्यांसमोर बोलायचंच का? इथे व्हरांड्यात बोललात ते पुरे नाही का? म्हटलं, लीलाम्मा, आवाका बघ. ती म्हणाली, बरं. बोला. सगळ्यांनी ऐकू दे एकदा.

१० मे, सकाळी सहा

आज.

पांढरा शर्ट, जरीकाठाचं कसवू मुंडू. पहिला आदेश काय द्यायचा, तेही ठरलंय. पंखे दोन्ही बाजूंना.

१० मे, संध्याकाळ

हॉलमध्ये फार उकडत होतं. डोकं दुखतंय. उद्या लिहीन.

११ मे

लिहावंच लागणार, नाहीतर मात्तुक्कुट्टी सांगतो तेवढंच खरं राहील.

भाषण चांगलं झालं. हे कुणी नाकारू शकत नाही. बांध, दोन वाकडे नारळ, काठी, धान्य, लंगडत पुढे चालणारी कत्रीना. मागे फ्लेक्स. बायका पदर डोळ्यांना लावत होत्या. मात्तुक्कुट्टीने रुमाल काढला, तो घाम पुसायला म्हणतो, पण मी बघितलंय. पूर आला तेव्हा हॉलमध्ये पंख्यांचा आवाज तेवढा येत होता. छपरावर बसलेला माणूसही सांगितला. मग मी म्हणालो, त्या रात्रीनंतर कत्रीनाचं काय झालं, हे इतिहासाला ठाऊक नाही.

मागच्या ओळीतून कुरियाच्चन उभा राहिला. गाल ओले. म्हणाला, मला ठाऊक आहे, अळिया. ती परत आली.

सगळा हॉल मागे वळला.

म्हणाला, पाणी ओसरल्यावर एका सकाळी ती एकटी अंगणात येऊन उभी राहिली. पाय आणखी वाकडा झाला होता. आजोबा छपरावरून उतरले ते तिच्यासाठी. तिला आत घेतलं, आजीच्या खाटेखाली ठेवलं. दुसऱ्या दिवशी तिने खाटेखाली अंडं घातलं.

 पहिल्या ओळीतल्या पैली अप्पापननी मोठ्याने विचारलं, काय घातलं? त्यांच्या सुनेने कानाशी तोंड नेऊन तेवढ्याच मोठ्याने सांगितलं, अंडं.

मग कुरियाच्चनला थांबवता येईना. त्याच्या ऊसेप्प आजोबांनी आयुष्यभर बदकं पाळली. भात कापलं की हजारभर बदकं बांधावरून या शेतातून त्या शेतात न्यायची. काठीच्या टोकाला झावळी, खांद्यावरच्या काथ्याला चाकू. लंगड्या बदकाला कत्रीना हे नाव आजीने ठेवलं, तिच्या नणंदेवरून, चाल तशीच म्हणून. त्या एका अंड्यापासून आजोबांनी सगळं पुन्हा उभं केलं. काठी अजून आमच्या चुलीवर टांगलेली आहे, म्हणाला. घरातली पोरं विचारत नाहीत कसली काठी म्हणून. आणि आज माझ्या बहिणीच्या नवऱ्याने, पालाईच्या डोंगरातल्या माणसाने, एवढ्या लोकांसमोर... एवढं म्हणून खाली बसला.

मी फ्लेक्सकडे बघितलं. कत्रीना क्रूस धरून हसत होती.

हसू सगळ्यात आधी फादर वर्गीसांना आलं. ते आवरायचा प्रयत्न करत होते, हेही लिहायला हवं. मग ते पाटाच्या पाण्यासारखं ओळीओळीतून मागे गेलं. प्रकृतीच्या कारणाने मी उमेदवारी मागे घेतली. मात्तुक्कुट्टी बिनविरोध. त्याने उभं राहून ठराव मांडला की अवराच्चनचेट्टांनी, म्हणजे मी, बदकांच्या इतिहासावर दिलेल्या अभ्यासपूर्ण भाषणाबद्दल मेळावा आभारी आहे, आणि कत्रीना शिष्यवृत्ती कोंबड्या-बदकं पाळणाऱ्या मुलींना द्यावी. एकमताने मंजूर. पहिली देणगी त्याचीच. माणूस असा की टोलासुद्धा पदरचे पैसे घालून मारतो.

जेवणात बदक होतं. वाढणाऱ्या प्रत्येकाने मला विचारलं, ओळखीचं आहे का बघा.

लाज वाटली. आता मी एकटाच वाचणार आहे, म्हणून लिहितो. फार लाज वाटली.

१२ मे

काल दिवसभर लीलाम्माशी बोललो नाही. आज सकाळी विचारलं, तुला पहिल्या दिवसापासून माहीत होतं?

म्हणाली, माझ्याच घरच्या गोष्टी मला माहीत नसतील तर कुणाला? सांगणार होते. तुम्ही हात वर केलात.

म्हटलं, दोन महिने होते. नंतर सांगायचं. फ्लेक्सचे पैसे तरी वाचले असते.

तिने चूल पुसता पुसता पाठ माझ्याकडे ठेवूनच सांगितलं. म्हणाली, एकोणीस वर्षांची इथे आले. इथे कुणाला बदक माहीत नव्हतं, बांध माहीत नव्हता. तुमच्या घराण्याच्या पुस्तकात मी कंसात आहे. पत्नी, कुट्टनाड. बास. मग दुपारी तुम्ही झोपलात की मी बोलायचे. कुणी ऐकत नाही हे ठाऊक होतं, खुर्चीशी बोलते असं समजूनच बोलायचे. नाहीतर मीच विसरले असते. आणि त्या दिवशी तुम्ही उठून बसलात आणि म्हणालात, दोन नारळ, वाकडे. अहो, ते नारळ मी पाच वर्षांची असताना पडले. कुरियाच्चनलाही आठवत नाहीत. आता या जगात ते फक्त मला आठवतात आणि तुम्हाला. मध्ये कशी बोलू? बोलले असते तर तुम्ही थांबला असतात.

मी म्हणालो, पण मी झोपलेलो होतो.

ती म्हणाली, तरीसुद्धा.

 चहा पुन्हा मागितला. दिला.

१४ मे

डॉक्टर मिनीला फोन करून विकार नसल्याचं कळवलं. म्हणाली, अंकल, मला मार्चमध्येच वाटलं होतं. मग सांगितलं का नाही, तर म्हणाली, आंटींनी डोळ्यांनी नको म्हटलं. बायकांची एक वेगळी हॉस्पिटल-व्यवस्था असते.

पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघणार आहे. लीलाम्माला कंसातून काढून एक पूर्ण पान द्यावं, असा अर्ज मात्तुक्कुट्टीकडे करणार. कत्रीनासह. तो नाही म्हणणार. मी बँकेत असताना त्याचे किती अर्ज, पण जाऊ दे. उपास नसला तरी हा संकल्प चालू ठेवून बघतो.

फ्लेक्स सोजनने परत घेतला नाही. रबराच्या शीटवर पावसात घालायला बरा आहे.

१९ मे, सोमवार

नवा संकल्प. दुपारी जागं राहून लीलाम्माचं सगळं ऐकायचं. आजोबा, आजी, नणंद, काठी, पुराच्या पुढचं सगळं. प्रश्नही विचारायचे. दोन वाजता कडक कॉफी घेऊन खुर्चीत बसलो, पाठ ताठ. ती टोपली घेऊन पायरीवर आली. मी म्हटलं, सुरू कर, आज मी जागा आहे. ती जरा लाजली. पदर सारखा केला. मग सुरू केलं, की आजोबांनी त्या अंड्याचं पिल्लू झाल्यावर ते टोपीत घालून आलप्पुळाच्या बाजाराला नेलं, बोटीत एक पोलीस बसला होता आणि त्या पोलिसाने

४ वाजता जाग आली. कांदे सोलून झाले होते. ती खुर्चीशेजारीच होती.

विचारलं, मग त्या पोलिसाने काय केलं? म्हणाली, सांगून झालं. म्हटलं, पुन्हा सांग ना. ती टोपली उचलून आत निघाली. दारातून म्हणाली, आता पुढचा फणस पडेल तेव्हा आठवेल तुम्हाला.

झाडावर अजून दोन आहेत, आमच्याकडच्या फांदीवर. खुर्ची व्हरांड्यातून उचलून कुंपणापाशी ठेवली आहे.